भाव करणाऱ्यांची वही

पाली गावातल्या एका मासळी विकणाऱ्या बाईला काशीमीऱ्याच्या एका गोदामात बसलेल्या माणसाने फसवलं. डीप फ्रीजर विकतो म्हणून पैसे घेतले आणि फ्रीजर पाठवला नाही. प्रकरण एवढंच. त्याची फाइल बंद झाली आणि पुढे मीही निवृत्त झालो, पण त्या प्रकरणाचा विषय निघाला की आजही माझा आवाज चढतो.

मी पोलिसांत शिपाई म्हणून भरती झालो आणि खात्याची परीक्षा देऊन अधिकारी झालो. त्याआधी भाईंदरच्या बाजारात हातगाडीवर कांदे-बटाटे विकले. दुकानदाराने सांगितलेला भाव मी आयुष्यात कधी दिला नाही. बायकोने माझ्याबरोबर खरेदीला येणं बंद केलं, तेव्हाही सवय सोडली नाही. रागाबद्दल सर्व्हिस बुकात दोन ताकिदी आहेत आणि दोन्ही मला मान्य आहेत.

ती बाई आमच्या पोलीस ठाण्यात आली तेव्हा सकाळचे अकरा वाजले असतील. वय पन्नाशीचं. ठाणे अंमलदार स्टेशन डायरी लिहीत होता. त्याने ऐकून घेतलं आणि पेन खाली ठेवलं.

"मावशी, पैसे कोणी पाठवले? तुम्हीच ना? भाव पण तुम्हीच करून घेतला. मग फसवलं कोणी?"

"म्हंजे चोरानं माझ्याच हातानं चोरी करून घेतली, म्हून तो चोर न्हाय?"

पासपोर्टच्या पडताळणीसाठी आलेले दोघे बाकावर बसले होते, ते हसले. मी केबिनमधून बाहेर आलो, त्या दोघांना बाहेर उभं केलं आणि बाईला खुर्ची द्यायला लावली.

तिला फ्रीजर कशाला हवा होता, हे आधी सांगतो. तिचा माल संध्याकाळपर्यंत सगळा विकला जात नाही. उरलेल्या पापलेट-कोळंबीसाठी हॉटेलवाल्यांचे एजंट येतात आणि मुद्दाम उशिरा येतात. बर्फ वितळत असतो, ते नुसते बघत उभे राहतात. शेवटी ते म्हणतील तो भाव. पावसाळ्यातली मासेमारीची बंदी उठायला महिना राहिला होता. होड्या समुद्रात जाण्याआधी तिला घरात फ्रीजर हवा होता. "एकदा तरी त्यांना बोलायचं हाय मला, जावा, उद्या या," ती म्हणाली.

मोबाइलवर एका ॲपमध्ये एक जाहिरात आली. ग्राहकाने रद्द केलेला नवा कोरा फ्रीजर, एकच शिल्लक. त्याखाली बटण होतं, 'भाव करा'.

"मावशी, अनोळखी माणसावर विश्वास ठेवला कसा?"

"विश्वास कुठं ठेवला सायब? भांडले! दोन तास भांडले. आधी न्हाय म्हनला. मंग म्हनला, मालकाला इचारतो. मंग म्हनला, मालक माझ्यावर वरडला, पन तुमच्यासाठी देतो, धा मिनिटांत पैसे टाका. फसवनारा दोन तास भांडतो का? तुमीच सांगा."

तिच्या जागी मी असतो तर मीही हेच म्हटलं असतं.

ती नवव्या दिवशी आली होती. सायबर हेल्पलाइनला लगेच कळवलं असतं तर पैसे वाटेतच अडवता आले असते. उशीर का केला, असं मी जरा चढ्या आवाजातच विचारलं. ती खाली बघून म्हणाली, "सगल्या आलीला सांगून बसले होते ना, कसा पाडला त्याला. आता कोनत्या तोंडानं बोलू?"

वरिष्ठ म्हणाले, अर्ज ठेवून घ्या, गुन्हा कशाला? बाईने स्वखुशीने पैसे दिले आहेत. मी म्हटलं, सर, मग फसवणुकीचं कलम कायद्यातून काढून टाकायला सांगा, कारण फसलेला प्रत्येक माणूस स्वखुशीनेच देतो. बराच वेळ घासाघीस झाली. अखेर गुन्हा नोंदवला आणि तपास माझ्याकडे आला.

मी पहिलं काम केलं ते भाव करण्याचं. खासगी नंबरवरून तीच जाहिरात उघडली आणि तोच फ्रीजर मागितला. तो एकोणतीस हजार म्हणाला, मी पंधरा म्हटलं. त्याने मालकाला विचारलं, मालक ओरडला, माल पंधराला ठरला. मी म्हटलं, नाही, बारा. पुन्हा मालक ओरडला आणि बारा झाले. मी नऊवर आलो. तरी तो रागावला नाही, फक्त आत्ताच पैसे टाका म्हणाला.

तिथे माझी खात्री झाली. खऱ्या विक्रेत्याचा भाव कुठेतरी अडतो. तिथे पोहोचलात की तो हात जोडतो किंवा शिवी देतो. माझा नऊ हजारांचा भाव ऐकून जो शिवी देत नाही, त्याच्याकडे माल नाही. ठाण्यातल्या तरुण पोरांनी याची टिंगल केली. "साहेब, बँकेचे डिटेल्स मागवलेत, ते येऊ द्या ना." बँकेचे तपशील आले. खातं एका भोळ्या मजुराच्या नावावर होतं आणि त्याला त्याचा पत्ता नव्हता. तपास तिथेच थांबला.

तो पुढे सरकला एका टेम्पोवाल्यामुळे. हा तारोडीचा, काशीमीऱ्याच्या नाक्यावर टेम्पो लावायचा. त्याला चीड वेगळ्याच गोष्टीची होती.

"सायब, आमच्या लायनीत एक गोदाम हाय. सहा महिने झाले, एकदा टेम्पो लागला न्हाय. माल येत न्हाय, जात न्हाय. पन जेवनाचे सात डबे रोज जातात. भाडं काय डब्यांवर भरतात?"

आपला धंदा बुडवणाऱ्यावर माणूस जितकी बारीक नजर ठेवतो, तितकी आमचे पगारी खबरी ठेवत नाहीत. माल नसलेला विक्रेताच मी शोधत होतो. दोन दिवस साध्या कपड्यांत त्या गोदामासमोरच्या गॅरेजात बसलो आणि खात्री करून घेतली. तिसऱ्या दिवशी दुपारी दोन पंच घेऊन आत गेलो. आत टेबलं, चार्जर, मोबाइल आणि हेडफोन लावलेली सात माणसं होती. फ्रीजर एकही नव्हता. पाणीसुद्धा माठातलं पीत होते.

त्यांचा म्होरक्या अठ्ठावीस वर्षांचा, शिकलेला. आधी टीव्ही-फ्रीजच्या दुकानात सेल्समन होता. चौकशीत तो एकच वाक्य म्हणायचा, "साहेब, मी पण नोकरीच करतोय, मालक कोण ते मला माहीत नाही." माझ्या सहकाऱ्यांनी दोन तास आवाज चढवून पाहिला. मग मी त्यांना बाहेर पाठवलं.

भाव करताना जो आधी बोलतो तो पडतो, हे मी हातगाडीवर शिकलो. मी चहा मागवला, त्याच्यासमोरही एक कप ठेवला आणि वर्तमानपत्र वाचत बसलो. पाऊण तास. तो खुर्चीत चुळबुळ करायला लागला, तेव्हा पेपरमधून डोकं न काढता म्हटलं, "अडाण्यांना फसवण्यात काय मोठी हुशारी रे?"

"अडाणी?" तो ताठ बसला. "साहेब, अडाणी माणूस आमच्या कामाचा नाही. तो किंमत बघतो, घाबरतो, निघून जातो. आम्हाला हुशार लागतात. भाव करणारे."

"का?"

"जो भाव करत नाही ना, तो माल आला नाही की लगेच बँकेला फोन लावतो. भाव करणारा नाही लावत. त्याने बायकोला, शेजाऱ्याला, सगळ्यांना सांगितलेलं असतं की मी कसं पाडलं. तो महिनाभर वाट बघतो. मग गप्प बसतो. आपण हरलो हे सांगायचं कोणाला?"

"आणि तो ओरडणारा मालक?"

तो हसला. "मालक नाहीच ना साहेब! तीन मिनिटं थांबायचं, मग मालक ओरडला असं टाइप करायचं. लोकांना आपली दया येते. सगळं लिहून ठेवलंय मी, कोणाला कुठल्या वाक्यावर..." एवढं बोलून तो थांबला, पण उशीर झाला होता.

पोलिसांपुढचा कबुलीजबाब कोर्टात टिकत नाही. म्हणून मला त्याचा शब्द नको होता, वस्तू हवी होती. त्याच्या भाड्याच्या खोलीत गादीखाली ती वही मिळाली आणि पंचनामा करून जप्त केली. प्रत्येक नावापुढे शेरा होता. 'मालक वाक्यावर वितळली.' 'शेवटची शंभर रुपये सूट मागतो, द्यायची.' 'शेजारणीशी तुलना.' मी बारा-चौदा वर्षं बाजारात उभा राहून माणसांबद्दल जे शिकलो, ते याने चाळीस पानांत लिहिलं होतं.

वहीतल्या नावांकडे जाऊन आम्ही फिर्यादी शोधले. शाळेतले एक शिक्षक दारातच म्हणाले, "आम्ही असलं काही घेतलं नाही." आतून त्यांची बायको ओरडली, "अहो, त्या वॉशिंग मशीनचं विचारत असतील!" त्यांनी दार लावून घेतलं. एका बँक अधिकाऱ्याने माझं ओळखपत्र दोनदा तपासलं आणि चुकीचा पत्ता आहे म्हणून सांगितलं. माझा पारा चढत होता. इतक्या शिकल्यासवरल्या घरांतून सही द्यायला कोणी पुढे येईना. खटला उभा राहिला तो आधी त्या एकट्या बाईच्या जबाबावर. तिचं नाव पेपरात आलं नाही, पण पालीत सगळ्यांना कळलं. बाजारात तिला चिडवायचे, "काय गो, आला का फ्रीज?" ती तरीही प्रत्येक तारखेला आली. ती उभी राहिली म्हणून पुढे आणखी पाच जण आले.

पैसे छाप्यानंतर गोठवलेल्या टोळीच्या खात्यातून कोर्टाच्या आदेशाने परत मिळाले, पण होड्या जाऊन मोसम अर्धा सरला होता. आदेश हातात पडल्यावर मी तिच्याबरोबर भाईंदरच्या दुकानात गेलो. म्हटलं, आता बघतो हा कसा भाव सोडत नाही ते. दुकानदाराने किंमत सांगितली. मी तोंड उघडणार, एवढ्यात तिने पैशांची पिशवी काउंटरवर ठेवली.

"द्या."

"मावशी, थांबा की जरा. दोन हजार सहज सोडेल हा."

"नको सायब. मना आता कलत न्हाय कोन खरा सोडतो नि कोन खोटा."

ज्या बाईने तीस वर्षं एजंटांशी झुंज दिली, ती पहिल्याच भावाला मान डोलावून उभी राहिली. पैसे कोर्टाने परत दिले. हे कोणत्या आदेशाने परत मिळणार?

आता माझी तक्रार ऐका. चौकशीत मी त्या म्होरक्याला शेवटचं विचारलं होतं, हजारो लोकांतून तुला भाव करणारीच माणसं सापडली कशी? त्याला माझ्या प्रश्नाचंच नवल वाटलं.

"आम्ही कुठे शोधतोय साहेब? ॲपच शोधून देतं. जे स्वस्त बघतात, तीच वस्तू पुन्हा पुन्हा उघडून बघतात, त्यांना दाखव, एवढं टाकायचं आणि जाहिरातीचे पैसे भरायचे. बाकी सगळं त्यांना माहीत असतं."

त्या ॲपच्या कंपनीला मी रीतसर नोटीस पाठवली. ही जाहिरात कोणी तपासली, ही बाई कशी निवडली, याआधी किती तक्रारी आल्या? महिन्याने तीन ओळींचं उत्तर आलं. जाहिरात नियमांत बसत होती. खाली सही नव्हती, नाव नव्हतं. मी चार स्मरणपत्रं पाठवली. चारही वेळा त्याच तीन ओळी आल्या. वरिष्ठांनी सांगितलं, आरोपी सापडलाय ना, दोषारोपपत्र द्या आता. मी दिलं. त्या कंपनीचं नाव आरोपींत नव्हतं, साक्षीदारांतही नव्हतं.

या प्रकरणाने मला शिकवलं की भाव करणाऱ्याला त्याच्या लोभाने फसवत नाहीत, त्याच्या अभिमानाने फसवतात. पण फसवणाऱ्याला त्या अभिमानाचा पत्ता पैसे घेऊन कोणीतरी विकला. गोदामातला माणूस तुरुंगात गेला. पत्ता विकणाऱ्याच्या कमाईतला एक रुपया जप्त झाला नाही. मला तीन ओळी नकोत. एक माणूस हवा, नाव-गाव असलेला, ज्याने ती जाहिरात मंजूर केली आणि तिचे पैसे घेतले. त्याने ठाण्यात यावं, त्या बाईसमोरच्या खुर्चीत बसावं आणि तिला सांगावं की तिलाच का निवडलं. बोला, कोण येतंय?