मिठात ठेवलेलं रीळ

परळच्या स्टुडिओत दिनानाथ कोळ्याला सगळे 'जुनापुराणा' म्हणत. नावं ठेवायला लोकांचं काय जातं? काम मात्र त्याच्यावाचून अडायचं. कुणाच्या सिनेमात वादळ हवं, कुणाला आगबोटी, कुणाला लढाईवर निघालेली पलटण. दिनानाथ दहा गुदामं पालथी घालून तसा जुना तुकडा हुडकून आणायचा. दिवसभर काळोख्या खोलीत परक्यांची मेलेली माणसं बघायची आणि संध्याकाळी खोलीवर येऊन एकट्यापुरता भात टाकायचा. लग्नाचं राहूनच गेलं. खरं सांगायचं तर त्याला कुणी विचारलंच नाही.

एकसष्ट साली एका निर्मात्याला स्वातंत्र्याच्या वेळच्या, तिरंगे लावलेल्या होड्या हव्या होत्या. कुठंच मिळेनात. "माझ्याकडं आहेत," दिनानाथ म्हणाला. सत्तेचाळीस सालच्या नारळी पौर्णिमेला स्टुडिओच्या कंपनीनं त्याच्या गावच्या, करंज्याच्या होड्या टिपल्या होत्या. पहिल्या होडीत नारळ हातात घेऊन उभा होता तो त्याचा बाप, कोंडाजी. कंपनीनं कापून टाकलेला तो तुकडा दिनानाथनं उचलला. स्टुडिओत आगीची धास्ती, म्हणून डबा गावी आईकडं दिला. "आये, जिवापाड जप, मशीन आणून दाखवतो," एवढंच म्हणाला. चार वर्षांनी कोंडाजी दर्यावरून परत आलाच नाही. त्याचा दुसरा फोटो कुणाकडंच नव्हता.

गावाकडं जायला मोऱ्याच्या लाँचमध्ये बसल्यावर दिनानाथ निर्मात्याला पार विसरला. दहा वर्षं तो बापाचा चेहरा आठवायला बघत होता, आणि डोळ्यांपुढं परक्यांचेच चेहरे यायचे. आता एकदाचा बाप दिसणार होता.

आईनं, बायजानं, कोपऱ्यातला रांजण पुढं ओढला आणि कोपरापर्यंत हात मिठात घालून डबा वर काढला.

"मिठाबिगर काय टिकतं रं? मासळी ऱ्हाते, मग तुजा बा नाय ऱ्हानार? दर पावसाला नवं मीठ घातलंय मी."

डब्याचं झाकण गंजून बसलं होतं. कोयत्यानं उचकटलं, तर आत तपकिरी चिकट गोळा. दिनानाथनं पट्टीचं एक टोक सोडवून दारातल्या उजेडात धरलं. चित्र बोटाला लागून निघून आलं. त्यानं आणखी हातभर सोडवली, तीही कोरी. बायजा त्याच्या तोंडाकडं बघत होती.

इतकी वर्षं रिळांत घालवलेला माणूस, डबा कसा ठेवायचा हे सांगायला त्याची जीभ झिजली असती काय? चूक त्याचीच होती, आणि ती त्याला कळली. तो उंबऱ्यावर बसून रडला.

"बा गेला, आये," तो म्हणाला.

बायजानं हाताचं मीठ लुगड्याला पुसलं. 

"तू म्हनलास मशीन आनतो, दाखवतो. चौदा वर्सं झाली," ती म्हणाली. "लोकांना रोज दाखवतोस. मला येक डाव दाखवायचास ना रं."