शाईने लिहिलेला सॅम्युएल

दादा गेल्याचं मला त्याच्या शेजारणीने फोनवर सांगितलं. जुलैची सकाळ होती, मी गाडीच्या काचेवरचं गोठलेलं दव खरवडत होते. कॅनबेराच्या गुंगालिन भागात त्याचं घर माझ्यापासून ट्रामचे तीन थांबे. "रमा, त्याचे पडदे उघडले नाहीत म्हणून किल्लीने आत गेले..." ती म्हणाली. मी पोचले तेव्हा तो टेबलाशी खुर्चीतच होता, हीटर चालू, समोर भिंग आणि अर्धा कप चहा. मला रडू आलं नाही. गेली सहा वर्षं आम्ही भाऊबहीण कामापुरतंच बोलत होतो. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे भाबड्या बहिणीच्या आठवणींची कोणी अपेक्षा धरणार नाही.

दादा एका सरकारी खात्यात डेटाबेसची कामं करायचा. लग्न केलं नाही. ऑफिसातल्या एका अमेरिकन बाईने सहज विचारलं, माझे पूर्वज शोधून देशील का? तेवढं निमित्त झालं. पुण्याच्या पेठेत वाढलेला हा माणूस कॅनबेराच्या थंडीत बसून, अमेरिकेच्या किनाऱ्यावर पहिल्यांदा उतरलेल्या इंग्रज कुटुंबांची मृत्युपत्रं आणि चर्चची दप्तरं वाचू लागला. निवृत्तीनंतर तर दुसरं काहीच उरलं नाही. मी चिडवायची, "बाबांच्या श्राद्धाची तिथी मला विचारतोस, आणि त्या कोण जोनाथनच्या तिसऱ्या बायकोचं माहेर तोंडपाठ." तो हसायचा. कामाचे त्याचे नियम मात्र पक्के. पुरावा मिळालेलं नाव शाईने लिहायचं, नुसता संशय असेल तर पेन्सिलीने. आणि मूळ नोंद चुकीची असली तरी खोडायची नाही, आपलं म्हणणं शेजारी लिहायचं.

हे नियम सर्वांत आधी शिकली ती माझी मुलगी, इरा. नाशिकच्या एका संस्थेतून आम्ही तिला आणलं तेव्हा ती चौदा महिन्यांची होती. शाळेत असल्यापासून दर शनिवारी ती मामाकडे. ती जुनी वेडीवाकडी इंग्रजी अक्षरं त्याच्यापेक्षा तिला लवकर लागायची. तो कौतुकाने सगळ्यांना सांगायचा, माझे डोळे म्हणजे इरा. ओहायोच्या डोरोथी नावाच्या एका म्हाताऱ्या बाईंचं काम चालू होतं. आपण पहिल्या जहाजातल्या एका वसाहतकाराच्या वंशातल्या, हे त्यांना सिद्ध करायचं होतं. त्याचं मृत्युपत्र इरानेच वाचलं. "मामा, सॅम्युएल त्याचा मुलगा नाहीये. इट सेज, मी घरात घेतलेला मुलगा." दादाने भिंग खाली ठेवलं. "मग ओळ इथे तुटली," तो म्हणाला. बाईंना तसं कळवलं असणार, असं आम्ही धरून चाललो.

त्याच सुमारास पुण्याहून आमच्या घराण्याच्या कुलवृत्तांताची नवी आवृत्ती निघायची होती. ऑस्ट्रेलियाच्या शाखेची माहिती दादाने पाठवायची. मुलींच्या मुलांची नावंही छापा म्हणून समितीशी भांडला होता तो, आम्हाला त्याचा केवढा अभिमान. पाठवायच्या आधी त्याने मोठा तक्ता काढून भिंतीवर लावला. मी माझ्या नावाखाली बोट नेलं आणि थांबले. तिथे एकच शब्द होता.

"दादा, इरा कुठे आहे?"

"हे बघ, वंशावळीला रक्त लागतं. तुझं दत्तकपत्र कायद्याला पुरतं."

"आपले खापरपणजोबा दत्तकच होते. त्यांना शाईने लिहिलंयस."

"ते भाऊबंदांतले. गोत्र एकच होतं. हिचं काय सांगू मी समितीला?"

इरा स्वयंपाकघराच्या दारात चहाचे कप घेऊन उभी होती. अठरा वर्षांची. तिने कप टेबलावर ठेवले, बॅग उचलली आणि ट्रामच्या थांब्यावर जाऊन बसली. त्यानंतर शनिवारी ती कधी गेली नाही. दादाने एकदाही तिला बोलावलं नाही. तो कामात होता.

दादाचे दिवस झाल्यावर आम्ही दोघी त्याचं घर आवरायला गेलो. अजून सगळा पसारा तसाच होता. त्याच्या लॅपटॉपवर डोरोथीबाईंचं पत्र आलेलं, तो गेल्याचं मी त्याच्याच ईमेलवरून कळवलं, त्यावर लिहिलेलं. इराने मोठ्याने वाचलं. बाईंनी लिहिलं होतं, सॅम्युएल पोटचा नव्हता हे कळल्यावर मी खूप रडले, माझं घराणंच गेलं असं वाटलं, तेव्हा तुमच्या भावाने जे लिहिलं ते मी फ्रेम करून ठेवलंय. खाली दादाचं जुनं उत्तर होतं. "ज्याला घरात घेतलं, आपलं नाव दिलं, आपल्या ताटात जेवू घातलं, तो मुलगाच. वंश म्हणजे दुसरं काय असतं? मी सॅम्युएलला शाईने लिहितो आहे." मी तारीख पाहिली. पुण्याला माहिती धाडली त्याच आठवड्यातली. लोका सांगे ब्रह्मज्ञान... पण नाही, ब्रह्मज्ञान खरंच होतं त्याच्याजवळ. तीनशे वर्षांपूर्वी मेलेल्या पोरासाठी ते बाहेर आलं, आणि त्याच्या टेबलाशी बसून त्याला वाचून दाखवणाऱ्या पोरीसाठी नाही. मी त्याला याची माफी देऊ शकत नाही. मेलेल्या माणसाबद्दल असं बोलू नये म्हणतात. मी बोलते आहे.

"सो ही न्यू हाऊ टू डू इट, आई," इरा एवढंच म्हणाली.

भिंतीवर तक्ता होता. मी त्याच्याच मगमधलं त्याचंच पेन काढलं. इराने माझं मनगट धरलं.

"मूळ नोंद खोडायची नाही," ती म्हणाली. शब्द त्याचे, मराठीही त्याचं.

"मग तू शेजारी लिही. इरा. ठसठशीत."

"नो, आई. आय डोन्ट वॉन्ट टू बी हिज फुटनोट."

पेन मी परत मगमध्ये ठेवलं. तक्ता घरी आणला, आता आमच्या पॅसेजमध्ये लावला आहे. माझ्या नावाखाली काळ्या शाईत, त्याच्या त्या सुंदर वळणदार अक्षरात 'निःसंतान' असं लिहिलेलं आहे. रविवारी दार उघडतं, इरा "आई" अशी हाक मारत त्या शब्दाशेजारून आत येते.