पत्ता बदलताना मी काय काय सांगितलं

हसायचं नाही, हे आधी कबूल करा, मगच सांगते. हा किस्सा मी आमच्या बिल्डिंगमध्ये कुणालाच सांगितलेला नाही. पसरला तो आपोआप!

तर आम्ही मूळचे सायखेड्याचे. नदीकाठी शेत, त्यात झेंडू आणि भाजीपाला. आमचे हे रोज गाडी भरून पंचवटीच्या बाजारात माल आणतात. मुलगा विशाल सातपूरला कंपनीत कामाला. वय एकतीस. आणि लग्न? नावच काढू नका! बारा ठिकाणी बोलणी झाली आणि बाराही ठिकाणी एकच प्रश्न, "मुलाचं नाशकात घर आहे का?" अहो, सायखेड्याहून नाशिक असं आहेच किती लांब? पण नाही! पोरगा कष्टाळू, निर्व्यसनी, आईबापाला धरून राहणारा, हे कुणी विचारायलाच तयार नाही. जेवताना तो मान खाली घालून म्हणायचा, "आई, राहू दे ना आता."

शेवटी मीच हट्ट धरला आणि मखमलाबाद नाक्याजवळ तिसऱ्या मजल्यावर भाड्याने फ्लॅट घेतला.

हे म्हणाले, "लग्न जमवायला घर बदलतंय व्हय कुणी?"

म्हटलं, "मी बदलते!"

आणि काय आश्चर्य, पंधरा दिवसांत लासलगावचं स्थळ आलं की! मुलगी प्रियंका, बी.कॉम. झालेली, वडील कांद्याचे व्यापारी. स्थळ आणलं यांच्या चुलतभावाने, नानांनी. नानांनी आमचा बायोडाटा हातात घेतला आणि कपाळावर हात मारला.

"वहिनी, बायोडाट्यावर पत्ता नाशिकचा, अन् आधारवर सायखेडा? मतदार यादीत सायखेडा? आजकाल मुलीकडचे सगळं मोबाईलवर काढून बघत्यात. अन् हे लोक न सांगता येतील हां. व्यापारी माणूस हाय, माल बघितल्याबिगर बोली लावत नाय."

झालं! मी पत्ते बदलायच्या मागे लागले. आधार केंद्रात पहिल्या खेपेला लाईट बिल नेलं, तर ते घरमालकाच्या नावावर. दुसऱ्या खेपेला गॅसचं पुस्तक नेलं, तर त्यावर सायखेडा. तिसऱ्या खेपेला भाडेकरार नेला, तर मशीनवर माझ्या बोटांचे ठसेच उमटेनात. केंद्रातला म्हणतो, "मावशी, रेषा झिजल्यात तुमच्या." झिजणारच की! तीस वर्षं झेंडू तोडतेय मी. शेवटी डोळे दाखवून काम झालं. मतदार यादीचा फॉर्म मात्र विशालने मोबाईलवरूनच भरून टाकला आणि मला त्यातलं एक अक्षर सांगितलं नाही. या पोराचं हे नेहमीचं आहे.

एका मंगळवारी सकाळी अकराच्या सुमारास बेल वाजली. घरात मी एकटी. दारात एक बाई. नीटनेटकी साडी, चष्मा, खांद्याला पिशवी, हातात वही.

"नमस्कार. विशाल इथेच राहतात ना? मी त्यांच्या पत्त्याच्या..."

आता माझा एक स्वभाव आहे. समोरचा काय बोलणार ते मला आधीच कळतं, म्हणून त्याचं वाक्य मीच पुरं करते. हे म्हणतात, "तू समोरच्याला बोलू दिलंस तर तुझं निम्मं आयुष्य सुधरंल." पण मला तर दारातच कळलं होतं ना! ही मुलीची मावशी! न सांगता आलेली!

"सगळं माहितीये मला! या, आत या, बाहेर कशाला उभ्या?"

"नाही, मी फक्त दोन मिनिटं, माझ्याकडे अजून..."

"दोन मिनिटं कसली? पहिल्यांदा आलात!"

बसवलं. पोहे केले. बाईंनी वही उघडली, पेन काढलं. मी मनात म्हटलं, काय घराणं आहे! चौकशीसुद्धा लिहून घेतात!

"किती वर्षं राहता इथे?"

"अठरा!"

बाईंनी वर पाहिलं. आमच्या पंख्याचं प्लास्टिक अजून निघालेलं नव्हतं. "पण ही बिल्डिंग तर नवीन आहे..."

"बिल्डिंग नवीन, आम्ही जुने!" मी म्हटलं. याचा अर्थ काय, मला आजही विचारू नका.

"फ्लॅट स्वतःचा?"

"स्वतःचाच. शेजारचाही आपलाच आहे, तो भाड्याने दिलाय." शेजारचे जोशीकाका रिटायर्ड माणूस, तेव्हा दारात पेपर वाचत बसले होते. त्यांच्या कानावर गेलं नसेल अशी आशा आहे.

"आणि सायखेड्याला कधीपर्यंत राहत होता?"

"सायखेडा? छे हो! तिकडे कोण राहतंय? आमचा काय संबंध!"

हे बोलताना जीभ जरा अडखळली, खोटं कशाला बोलू. नांदायला आले ते सायखेड्याला, विशाल जन्मला तो सायखेड्यात. पण बारा नकार डोळ्यांसमोर होते. दामटून बोलले.

"विशाल स्वतः इथेच राहतात?"

आता इथे थांबावं की नाही माणसाने? पण मला वाटलं, मुलाचं वजन वाढवायची हीच वेळ.

"अहो, तो कुठला घरी? महिन्यातले वीस दिवस विमानातच असतो! आज दिल्ली, उद्या बंगळूर!"

बाईंनी तेही लिहून घेतलं. निघताना मी नारळ आणि ब्लाऊजपीस घेऊन ओटी भरायला उभी राहिले, तर त्या घाबरून मागे सरकल्या. "अहो, मला हे घेता येत नाही!"

"असं कसं? सवाष्ण रिकाम्या ओटीने पाठवू?"

नारळ मी त्यांच्या पिशवीत कोंबलाच. गळ्यात त्यांचं ओळखपत्र होतं म्हणे. पदराखाली. मला कुठून दिसणार? मला सगळीकडे लासलगाव दिसत होतं!

आठवड्याभराने विशालच्या नावाने नोटीस आली. त्याने ती मोठ्याने वाचली. "अर्जदाराच्या मातोश्रींनी दिलेल्या माहितीनुसार, अर्जदार सदर पत्त्यावर राहत नसून बहुतांश काळ विमानप्रवासात असतो. तसेच सायखेडा येथे कुटुंबाचे कधीही वास्तव्य नव्हते. सबब मूळ कागदपत्रांसह सुनावणीस हजर राहावे."

"आई! मतदार यादीवाल्या मॅडम होत्या त्या! पत्ता तपासायला आल्या होत्या!"

हे जेवताजेवता घास हातात धरून थांबले. "म्हंजे सायखेड्यात आपण कधी नव्हतोच, अन् नाशकात पोरगा राहत नाय. मग आपण हाय तरी कुठं?"

मी घाईघाईने नोटिशीवरच्या नंबरला फोन लावला. मॅडम शांतपणे म्हणाल्या, "मी तुम्हाला चार वेळा सांगायचा प्रयत्न केला हो. आता बहुतेक आमचे साहेब स्वतः येऊन बघतील. त्यांना जे खरं आहे तेच सांगा. आणि कृपा करून कुणाच्या पिशवीत नारळ घालू नका. मला तो ऑफिसात जमा करावा लागला."

देवाजवळ दिवा लावून मी शपथ घेतली. आता खरं म्हणजे खरं! विचारलं नाही तरी खरं!

आणि चारच दिवसांनी आले की साहेब. दोघे. एकाच्या हातात फाईल, दुसऱ्याच्या खिशाला पेन. चेहरे एकदम सरकारी.

"विशाल इथेच राहतात का, ताई? आम्ही जरा..."

"कळलं! आत या साहेब. बसा. लिहून घ्या."

"लिहून?"

"शब्दन् शब्द! मागाहून भानगड नको."

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. फाईलवाले बसले. पेनवाल्यांनी बिचाऱ्यांनी फाईलमधला एक कागद उलटा केला आणि मागच्या कोऱ्या बाजूवर पेन टेकवलं.

"पाणी विचारणार नाही, राग मानू नका," मी म्हटलं. "मागच्या वेळी एक नारळ दिला तर तो लाचेत धरायची वेळ आली. तुम्हाला तर चहाचा थेंबसुद्धा मिळणार नाही!"

"बरं," फाईलवाले आवंढा गिळून म्हणाले. ऊन मी म्हणत होतं, आणि त्या दिवशी लिफ्टही बंद होती. माणसं तीन जिने चढून आलेली!

"घर भाड्याचं आहे. तीन महिने झाले. शेजारच्या घराशी आमचा काडीचा संबंध नाही. आम्ही सायखेड्याचेच."

"मग इकडे कशासाठी आलात?"

"खरं सांगू साहेब?" आणि का कोण जाणे, मी त्यांच्यासमोरच बसले. "पोराचं लग्न जमेना म्हणून. बारा जणांनी घराचा पत्ता ऐकूनच नाही म्हटलं. घर वाईट नाहीये हो आमचं. पुढे फुलांचं शेत आहे, पडवीत बसलं की नदी दिसते. पण शहराचा पत्ता नसला की पोराकडे कुणी बघतच नाही. म्हणून मी गाव सोडलं, आणि परवा तर गाव नाकारलंसुद्धा. त्याची मला लाज वाटते. तेवढं लिहा."

पेनवाले लिहायचे थांबले होते. फाईलवाल्यांनी हळूच विचारलं, "मुलगा विमानाने फिरतो असं काहीतरी कानावर आलं होतं..."

पाहिलंत? सरकारदरबारी गेलंच होतं ते! पुढे कळलं की खालच्या वॉचमनने सांगितलं होतं. जोशीकाकांनी आपलं काम चोख केलेलं.

"विमानात पाऊल ठेवलेलं नाही त्याने! ओझरचं विमान वरून गेलं की मान वर करून बघतो, तेवढाच संबंध. आणि बायोडाट्यात मी सुपरवायझर लिहिलंय, तेही खोडा. मशीनवर असतो तो. पण हात चांगला आहे, साहेब लोक नाव काढतात."

"काही व्यसन वगैरे?"

मला वाटलं, आता हाही रकाना आला वाटतं फॉर्ममध्ये! आला असेल. हल्ली सगळंच लागतं.

"व्यसन नाही. घोरतो मात्र. भिंती हलतात. राग आला की बोलत नाही, गच्चीवर जाऊन बसतो आणि दोन तासांनी आपणहून खाली येऊन विचारतो, जेवायला काय आहे. आणि त्याचा फोटो पाच वर्षांपूर्वीचा आहे, आता पुढचे केस गेलेत. अजून काय सांगू?"

"नको, पुष्कळ झालं," पेनवाले म्हणाले.

"मग आता तुमचं ओळखपत्र दाखवा!" मी हात पुढे केला. "मागच्या वेळी बघितलं नाही, तिथेच फसले मी."

फाईलवाल्यांनी पाकीट काढलं आणि आधार कार्ड माझ्या हातावर ठेवलं. मी चष्मा लावला. मधुकर आबाजी गुंजाळ. मुक्काम पोस्ट लासलगाव.

प्रियंका मधुकर गुंजाळ! ज्या मुलीचा बायोडाटा मी चाळीस वेळा वाचला होता, तिचे वडील माझ्यासमोर पाण्यावाचून बसले होते. बाजूला तिचे मामा. आणि मामांनी माझी सगळी जबानी लिहिली होती ती विशालच्याच बायोडाट्याच्या पाठीवर!

मी कार्ड परत केलं. शेवटी कसंबसं म्हटलं, "पाणी... आणू का?"

"चालेल का?" गुंजाळ अगदी गंभीरपणे म्हणाले. "लाचेत नाही ना धरणार?"

त्या दिवशी ती माणसं चहा पिऊन गेली, पण 'हो' नाही की 'नाही' नाही. विशालला कळलं तेव्हा तो सरळ गच्चीवर जाऊन बसला. बोलला असता तर बरं वाटलं असतं. मी देवासमोर बसून म्हटलं, "देवा, माझ्या तोंडाची शिक्षा पोराला नको रे."

तीन दिवसांनी नानांचा फोन आला. "वहिनी, काय जादू केली? ते म्हणत्यात, मुलीला घेऊन रविवारी येतो!"

पुढचं भराभर सांगते. मुलगी आली, दोघं गच्चीत तासभर बोलत बसले, खाली आले ते हसतच. मतदार यादीच्या सुनावणीत मी सगळं खरं सांगितलं, साहेबांनी डोकं धरलं, पण विशालचं नाव इथल्या यादीत आलं. लग्न सायखेड्यालाच झालं, आमच्या दारात, आमच्याच झेंडूच्या मांडवात. बघायला हवं होतं तुम्ही!

आणि मी? मी तर फुगून टम्म! महिनाभर जो भेटेल त्याला सांगत होते, "खरं बोललं की सगळं चांगलं होतं. व्याही माझ्या खरेपणावर भाळले!"

परवा प्रियंका टेबलाशी बसून स्वतःच्या आधारचा पत्ता बदलायचा फॉर्म भरत होती. मला राहवलं नाही. मुद्दाम विचारलं, "काय गं, तुझ्या पप्पांना आमच्यात सगळ्यात जास्त काय आवडलं?"

ती ओठ दाबून हसायला लागली. "आई, रागावणार नाही ना? पप्पा घरी येऊन म्हणाले, 'मुलगा बरा आहे, घर भाड्याचं आहे, पण सासू अशी शोधून सापडायची नाही. त्या घरात तुझ्यापासून काही लपून राहणार नाही, पोरी. वही-पेन घेऊन समोर बसायचं, बाई आपणहून सगळं सांगते!'"

प्रियंकाने फॉर्म शांतपणे बाजूला सारला, एक कोरा कागद पुढे ओढला, पेनाचं टोपण काढलं आणि गोड आवाजात विचारलं, "बरं आई, माझ्याआधी यांचं कुठे काही जमत होतं का हो?"

आणि मी, मूर्ख बाई, नावागावासकट सांगून मोकळी झाले!