जोडीचा सत्कार

सत्काराची मला शिसारी येते. खांद्यावर शाल पडली की अंगावर पाल पडल्यासारखं होतं. लोक म्हणतात, लेखक माजला. म्हणू देत. खरं कारण आज एकदाचं सांगून टाकतो.

मी पुरुषावर प्रेम करणारा पुरुष आहे आणि त्यावरच पुस्तकं लिहितो. नांदेडात राहतो. हदगावापासून रेणापूरपर्यंत कुठूनही आमच्यासारख्यांचे फोन येतात. त्यांच्या आईबापांशी बोलायला जातो, कॉलेजांत भाषणं देतो. ‘लपू नका’ हे माझं ठरलेलं वाक्य. अकरा वर्षांपासून माझ्यासोबत जो राहतो, त्याचं पाण्याच्या मोटारी दुरुस्त करायचं दुकान आहे. घरमालकाला तो माझा मावसभाऊ म्हणून माहीत, बाकीच्यांना दोस्त म्हणून. कधी कुरकुरला नाही. एकदाच म्हणाला, “लोकायला सांगत फिरतूस, एकदा माझ्याबद्दल बी बोल की चारचौघांत.” मी शब्द दिला, पुढच्या कार्यक्रमात नक्की.

पुढचा कार्यक्रम निघाला लातूरजवळच्या मुरुडच्या पलीकडं, एका गावातल्या वाचनालयाचा. अध्यक्ष म्हणजे रिटायर झालेले मुख्याध्यापक. फोनवर म्हणाले, “सर, जोडीनं या बरं का. आमच्याकडं जोडीचाच सत्कार करायची पद्धत हाय.” मला वाटलं, वा रे वा, गुरुजींनी पुस्तक वाचलंय! मी म्हणालो, “जोडीनंच येतो.” फोन ठेवला आणि त्याला मिठीच मारली. त्यानं त्या दिवशी दुकान बंद ठेवलं, नखांत बसलेलं मोटारींचं वार्निश रॉकेलनं घासून घासून काढलं, पांढरा शर्ट स्वतः इस्त्री केला.

कसलं वाचलंय अन् काय! मला कसलासा पुरस्कार मिळाल्याची बातमी पेपरात बघून बोलावणं धाडलं होतं. माझं पुस्तक टेबलावर हारांशेजारी होतं, वरचं प्लास्टिकसुद्धा काढलेलं नव्हतं. मंचावर माझ्या बाजूला एक रिकामी खुर्ची. अध्यक्षांच्या मंडळी ताट घेऊन उभ्या, त्यात हळदीकुंकू, खण, नारळ आणि मोरपंखी साडी. माइकवरून पुकारा झाला, “वहिनींनी मंचावर यावं.” सगळी सभा बायकांच्या रांगेकडं वळून बघायला लागली. तो तिसऱ्या रांगेत बसला होता. त्यानं कॉलर सारखी केली. खरं सांगतो, तो अर्धा उठलासुद्धा होता.

अध्यक्षांनी माइक माझ्यापुढं धरला. आणि माझ्या तोंडातून निघालं, “घरी तब्येत बरी नाही.”

थू! आजही आठवलं की तोंड कडू होतं. कुणी माझा गळा धरला नव्हता, कुणी काठ्या घेऊन आलं नव्हतं. समोर पन्नास-साठ साधी माणसं चहाची वाट बघत बसलेली. त्यांच्यापुढं माझी बोबडी वळली.

“अरेरे,” म्हणत अध्यक्षांनी मग त्यालाच वर बोलावलं. “सरांसोबत आलात ना तुम्ही? एवढं घेऊन चला.” मंडळींनी साडी, खण, नारळ पिशवीत घालून पिशवी त्याच्या हातात दिली. “वहिनींना नीट पोचवा हं भाऊ.”

“हाव, पोचवतो की,” तो म्हणाला. माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. जागेवर जाऊन बसला. आणि मी, निर्लज्ज मेला, पुढची वीस मिनिटं ‘निर्भय लेखन’ या विषयावर बोललो. टाळ्याही पडल्या.

लातूरहून नांदेडपर्यंत एसटीत तो पिशवी मांडीवर घेऊन बसला. अहमदपूर गेलं, लोहा आलं. शेवटी मीच म्हणालो, “चुकलं माझं.”

“सरक तिकडं,” तो म्हणाला, “नारळ खाली पडल.”

दुसऱ्या दिवशी सकाळी मी अध्यक्षांना फोन लावला. त्याला ऐकू जावं म्हणून स्पीकरवर टाकला. म्हणालो, “काल मी खोटं बोललो. मला बायको नाही. तुम्ही पिशवी ज्यांच्या हातात दिलीत ना, त्यांच्याच जोडीनं मी राहतो. माझं पुस्तकही त्यावरच आहे.”

अध्यक्ष खोकले. मग म्हणाले, “असू द्या सर, असतंय एकेकाचं. पण हे आपल्यातच राहू द्या. चारचौघांत नका बोलू. वाचनालयाची इज्जत जाईल.”

माझं डोकंच फिरलं. तोंडाला येईल ते बोललो, फोन आपटला. “ऐकलंस?” मी ओरडलो. “काय किडकी माणसं आहेत ही! मनात एवढी घाण ठेवून वर शाल घालतात!”

तो ओट्यापाशी तोच नारळ फोडत होता. खोबरं सोडवता सोडवता, आवाज न चढवता म्हणाला, “त्यायच्यावर कशाला चिडून राहिला? ते आज जे कर म्हणाले, ते तू कालच करून आलास. तुला तर कुणी सांगितलं बी नव्हतं.”

खोबऱ्याचा एक तुकडा माझ्या हातावर ठेवून तो दुकान उघडायला निघून गेला.