दादाची पडवी आणि माझी घाई

आता काय आणि कुठल्या तोंडाने सांगू? आधी मला चहा पाजा. हे ऐकल्यावर मला कुणी कप द्यायचं नाही.

रोडपालीला आमच्या घरापुढे दादाने स्वतःच्या हाताने पडवी बांधली होती. इतकी तिरकी, की लिंबू ठेवलं तर थेट गटारात! पण वहिनीचं शिलाई मशीन तिथेच. आमचं घर चालतं त्या मशीनवर.

तर पालिकेची नोटीस आली, ‘पडवी बेकायदा आहे. का पाडू नये, ते सांगा.’ दादा तडक कोर्टात. आणि निकालाच्या दोन महिने आधी साध्या तापाने गेला. त्याच्या चपला मी अजून कुणाला हलवू देत नाही.

निकालाला मी गेलो. सातवी नापास माणूस मी! साहेबांच्या इंग्रजीतलं ‘डिसमिस’ तेवढं कळलं. साहेब पुढे बोलतच होते. आमच्या वकीलबाईंनी माझा शर्ट धरला. पण थांबतो तो मी कसला?

डोक्यात एकच. आता जेसीबी येणार. दादाच्या पडवीला परका हात? जमणार नाही! मशीन आत सरकवलं, पहार उचलली.

शेजारचे चौघे धावले. “आरं, येडा झालास का?”

“केस हरलो!”

मग काय, तेही डोळे पुसत पत्रे उतरवू लागले. खिशात फोन अकरा वेळा वाजला. उचलणार कोण? हातात भिंत होती!

वहिनी नवीन पनवेलला ब्लाउज देऊन परतली, तेवढ्यात वकीलबाईही रिक्षातून उतरल्या.

“पडवी कुठाय?”

“पाडली,” मी छाती काढून म्हणालो. “त्यांच्या आधी!”

“त्यांच्या आधी? अरे, ते पाडतच नव्हते! पाडायचा हुकूमच निघालेला नाही, म्हणून आपला अर्ज फेटाळला. हुकूम निघाला तर पुन्हा या, आजचा निकाल आड येणार नाही, असं साहेबांनी स्पष्ट लिहून दिलंय.”

वहिनीने विटांच्या ढिगातली एक वीट उचलली. मग म्हणाली, “भावजी, तुमच्या दादाला ती बांधायला सा महिने लागले. तुमी दुपारच्या जेवनाला पन थांबला नाय?”

मला रडू फुटलं. म्हटलं, “वकीलबाई, उद्याच तश्शीच बांधतो. तिरकीसुद्धा!”

“खबरदार! ते नवीन बेकायदा बांधकाम होईल. मग मात्र हुकूम नक्की निघेल.”

आठवड्याने पाहणीचे साहेब टेप घेऊन आले. मोजायला काही नव्हतं. त्यांनी कागदावर लिहिलं, ‘मालकाने बांधकाम स्वखुशीने काढले.’ माझी सही घेतली, वर पाठ थोपटली. “तुमच्यासारखी समजूतदार माणसं हवीत हो!”

आता वहिनीचं मशीन माझ्या खाटेच्या जागी आहे आणि खाट अंगणात. पुन्हा कधी कोर्टाची वेळ आलीच, तर वहिनी जाणार आहे. मला घराबाहेर पडायची बंदी आहे. तसा मी बाहेरच असतो म्हणा.