बांध चिंबोऱ्यांनी फोडला नव्हता

आमच्या खाडीकाठच्या गावात अजूनही सांगतात की त्या वर्षी बांध चिंबोऱ्यांनी, म्हणजे खेकड्यांनी, फोडला. ते सांगताना माझ्या थोरल्या चुलतभावाचं नाव निघतंच, कारण बांधातल्या बिळांत लोखंडी आकडी घालून चिंबोऱ्या काढायचा नाद त्यालाच होता आणि त्यानेच बिळं रुंदावली असं लोक म्हणतात. तो आता नाही. म्हणून खरं काय ते लिहून ठेवतो.

खाडी आणि आमची भातशेती यांच्यामध्ये मातीचा बांध होता. दरवर्षी शिमगा झाला की घरटी एक माणूस बांधावर जायचा. ओहोटीला खाडीतला चिखल कापायचा, हातोहात पुढे द्यायचा, बिळं बुजवायची, खचलेली बाजू भरून काढायची. दुपारी तिथंच भाकरी आणि सुकट. कामापेक्षा चेष्टामस्करी जास्त, पण पावसाळ्यातलं उधाण बांधाबाहेर राहायचं.

सत्तरच्या दशकात नव्या शहरासाठी आमच्या जमिनी गेल्या. शेत अजून आम्हीच कसत होतो, कागदावर मात्र ते आमचं नव्हतं. मी नुकताच तळोज्याच्या एका कारखान्यात कारकून झालो होतो, त्यामुळे देवळापुढच्या बैठकीत माझ्या बोलण्याला वजन होतं. मी म्हणालो, "जमीन सरकारनी घेतली ना? मंग बांध पन त्यानीच बांदावा."

सगळ्यांना पटलं. चुलतभाऊ एकटाच म्हणाला की घरं तर अजून आपलीच आहेत. दादाला बांधाचा पुळका चिंबोऱ्यांपायी, असं मी म्हटलं आणि लोक हसले. त्या वर्षी बांधावर कोणी गेलं नाही.

आषाढातल्या अमावास्येला उधाण आणि पाऊस एकदमच आले. भरदुपारी बांध फुटला. माणसं-गुरं वाचली, पण पाणी ओट्यापर्यंत चढलं, लावणी वाया गेली, विहीर खारट झाली. पाणी ओसरल्यावर मी भगदाड पाहून आलो. ते उघाडीपाशी होतं, म्हणजे शेतातलं पाणी खाडीत सोडायच्या दाराशी. तिथली माती दरवर्षी खचायची आणि दरवर्षी आम्ही भरायचो. चिंबोऱ्यांची बिळं पार दुसऱ्या टोकाला. पण गावाने चुलतभावाला धरलं आणि मी गप्प बसलो.

पुढच्या शिमग्यानंतर गाव आपणहून बांधावर निघालं. तो येईना. मी त्याच्या घरी गेलो. तो जाळं दुरुस्त करत बसला होता. मी म्हटलं, दादा, चूक माझी आहे, आज सगळ्यांसमोर सांगतो.

त्याने मान वर केली नाही. "सांगशील, मंग तुजं कोन ऐकंल? आन तुजं ऐकलं न्हाई तं बांधावर कोन येल? चिंबोऱ्यांवर राहू दे. त्या काय फिर्याद करनार हायत? पन दर वर्साला घरटी मानूस तू बोलवायचा."

मग जाळं बाजूला ठेवून तो माझ्याबरोबर आला.

ऐंशीच्या दशकात भराव पडून बांध रस्त्याखाली जाईपर्यंत मी दर शिमग्यानंतर दारोदार फिरलो. पहिलं दार त्याचं. गावात पुन्हा पाणी शिरलं नाही. दुपारच्या भाकरीला तो टोपभर चिंबोऱ्यांचं कालवण आणायचा आणि त्याला नावं ठेवणारेच वाट्या पुढे करायचे. सुखाचे दिवस होते ते. फक्त कोणी त्याला बांधावरून चिडवलं की मी वाटीत मान घालायचो, आणि तो माझ्याकडे बघून खुशाल हसायचा.