लाल पट्टी आणि नाल्यावरची वाघीण

कॅमेऱ्याचं कार्ड कॉम्प्युटरला लावलं की स्क्रीनवर एकच उत्तर येत होतं : जागा नाही. डिस्कची पट्टी टोकापर्यंत लाल. झरी जामणीकडच्या त्या वन ऑफिसात मी पोचलो तेव्हा दुपार झाली होती. बाहेर झाडाखाली कापूस वेचणाऱ्या बाया बसल्या होत्या.

मी वणीत कॉम्प्युटर दुरुस्तीचा धंदा करतो. या ऑफिसच्या मशीनचं मेंटेनन्स माझ्याकडे. राठोड मॅडम तिथल्या रेंज ऑफिसर. त्यांनी अडचण थोडक्यात सांगितली. गावाजवळच्या नाल्यावर वाघीण दोनदा दिसली होती, म्हणून तिथे ट्रॅप कॅमेरे लावले होते. हा कॅमेरा समोर काही हललं की आपोआप फोटो काढतो. वाऱ्यानं गवत हललं तरी काढतो. त्यात कार्डं भरली आणि कॅमेरे बंद पडले. फोटो कॉम्प्युटरवर उतरवून, कार्डं रिकामी करून अंधाराच्या आत परत लावायची होती. जादा कार्डं नव्हती. ऑफिसची बाहेरून जोडायची हार्ड डिस्क वरच्या ऑफिसला गेलेली. वणीहून नवी आणेपर्यंत रात्र झाली असती.

मी जुन्या फोटोंचं फोल्डर उघडलं. स्क्रोल संपेना. म्हटलं, "मॅडम, मागच्या वर्षीचे उडवून टाकू. लगेच होते."

त्यांनी नकारार्थी मान हलवली. तेवढ्यात वरच्या साहेबांचा फोन आला. त्यांचंही म्हणणं तेच, जुने फोटो उडवा. मॅडमनी पूर्ण ऐकून घेतलं.

"सर, प्रत्येक वाघाचे पट्टे वेगळे असतात. जुने फोटो गेले तर ही वाघीण इथलीच का नवीन, हे मी कशावरून सांगू?"

पलीकडून काय उत्तर आलं कळलं नाही. फोन ठेवून त्या म्हणाल्या, फोटो सोडून काय काढता येते ते पाहा. आणि बाहेर बायांकडे गेल्या.

खिडकीतून ऐकू येत होतं. एक बाई म्हणाली, "मॅडम, वेचणीचे दिवस हायेत. आमी उद्या वावरात जाऊ का नको, तेवढं सांगा."

"आज मले माहीत नाही. उद्या सकाळी कॅमेरे पाहून सांगते. तोवर नाल्याकडे कोणी जाऊ नका."

सरकारी खुर्चीतला माणूस 'माहीत नाही' म्हणतो, हे मी पहिल्यांदा ऐकलं. दुसरं कोणी असतं तर 'काही होत नाही' म्हणून मोकळं झालं असतं. बाया चिडल्या नाहीत. उठून घरी गेल्या.

मी कामाला लागलो. याला वेगळं सॉफ्टवेअर लागत नाही. विंडोजमध्ये कुठलंही फोल्डर उघडलं की वर उजवीकडे सर्चचा चौकोन असतो. आपण त्यात फाईलचं नाव टाकतो. पण तिथेच इंग्रजीत साइझ, कोलन, जायगँटिक असं टाइप केलं, की नुसत्या अवाढव्य फाईली समोर येतात.

त्यात फोटो एकही नव्हता. होते ते व्हिडिओ, सगळे एकाच फोल्डरात. एक उघडला. ऑनलाइन आढावा मीटिंग, तासन् तास. एक साहेब बोलून राह्यले, बाकीचे आपापल्या चौकोनात गप्प.

मॅडमना दाखवलं तर त्या हसल्या. नवीन असताना एखादी सूचना सुटू नये म्हणून त्याच स्क्रीन रेकॉर्ड करून ठेवायच्या. पुढे प्रत्येक मीटिंगचं सहीचं इतिवृत्त येत गेलं, रेकॉर्डिंग कोणी उघडलंच नाही. तरी त्यांनी सरसकट उडवू दिलं नाही. एकेक पाहिलं. एकात जखमी प्राणी हाताळायचं ट्रेनिंग निघालं, ते ठेवलं. बाकीचं डिलीट. मग रिसायकल बिन रिकामी केली. लोक हे विसरतात. डिलीट केलेली फाईल त्या टोपलीत पडून राहते आणि जागा अडवतच असते.

पट्टी निळी झाली. फोटो उतरले. उन्हं कलायच्या आत मॅडम स्वतः दोन वनरक्षक घेऊन नाल्यावर गेल्या. कार्डं बसवली, कॅमेऱ्यांसमोरचं गवतही कापून टाकलं.

दुसऱ्या दिवशी मला राहवेना. मीच फोन केला. पहाटे वाघीण नाला ओलांडून जंगलात परत गेली होती, मागोमाग दोन बछडे. पट्टे जुन्या फोटोंशी जुळले. इथलीच होती ती. नाल्याकाठची वावरं सोडून बाकी वावरांत बाया वेचणीला गेल्या, सोबतीला वनरक्षक.

आता कुठूनही डिस्क भरल्याचा फोन आला की मी आधी साइझवर सर्च मारतो, मग तोंड उघडतो. कामाच्या फाईली बहुधा लहान असतात. जागा मीटिंगाच खातात.